पान एकतिसावरचा माणूस

दोहाच्या अल नस्र भागातल्या आपल्याच इमारतीच्या तिसऱ्या मजल्यावर, छापखानेवाल्या जियादच्या अर्ध्या रिकाम्या झालेल्या दिवाणखान्यात, विकायला काढलेले पुस्तकांचे कपाट पाहायला म्हणून गेलेल्या सुनीतीला एक हात दिसला, आणि तो हात तिच्या ओळखीचा होता. हात छापील होता. पिवळ्या पडलेल्या एका इटालियन मासिकाच्या उघड्या पानावर, काळ्या शाईत, कोपरापासून बोटांपर्यंत. मुठीत एक लोखंडी कांब घट्ट धरलेली, अंगठा बाहेरून आडवा, आणि करंगळी इतर बोटांपासून जराशी सुटलेली, जणू त्या एका बोटाला या सगळ्या प्रकाराशी संबंध ठेवायचा नव्हता. ओळख पटणे या गोष्टीवर सुनीतीचा फारसा विश्वास नव्हता. भिंतीवरच्या ओलीत माणसाला चेहरा दिसतो तो भिंतीत नसतो, डोळ्यामागे असतो. म्हणून तिने मासिक खाली ठेवले, कपाटाची उंची टेपने मोजली, फळ्या वाकल्या आहेत का ते पाहिले, कपाट नको असे ठरवले, आणि मग परत येऊन तेच पान दुसऱ्या पुराव्यासाठी तपासले. तो उजव्या बाजूला खाली मिळाला. शेपूट असलेला एक काळा ठिपका, साबुदाण्याएवढा, भिंतीच्या रेषेत जवळजवळ लपलेला. हा ठिपका तिने कंपनीच्या सुरक्षा-पुस्तिकेच्या जुन्या आवृत्तीत प्रत्येक चित्रात पाहिला होता आणि छपाईचा दोष समजून सोडून दिला होता. दोष प्रत्येक पानावर वेगळ्या जागी पडत नाही, हे तिला चार वर्षांपूर्वीच सुचायला हवे होते.

सुनीती धातुशास्त्रज्ञ होती. रास लफानमधल्या एका वायू-कंपनीत नळ्या, टाक्या आणि झडपा कशाने झिजतात हे सांगण्याचे काम ती पंधरा वर्षे करत होती, आणि त्या कामाचाच एक कंटाळवाणा उपविभाग म्हणून कामगारांच्या सुरक्षा-पुस्तिकेची तांत्रिक तपासणी तिच्याकडे आली होती. रोज पाळी सुरू होण्याआधी फोरमन दहा मिनिटे सगळ्यांना उभे करतो आणि या पुस्तिकेचे एक पान उंच धरून दाखवतो. पुस्तिका नऊ भाषांत होती, पण पाहिली जायची ती चित्रे. चार वर्षांपूर्वी ती नव्याने छापायची ठरली, तेव्हा सुनीतीने एकशे बारा पानांवर सत्तावीस आक्षेप नोंदवले. त्यांतला एक पान एकतीसवर होता. त्या पानावर वरून खाली उतरणाऱ्या चार चौकटी होत्या. पहिलीत टाकीच्या गोल तोंडातून आत पडलेल्या माणसाचे फक्त बूट दिसतात. दुसरीत त्याचा सोबती तोंडाच्या कडेवर दोन्ही हात टेकून आत वाकला आहे. तिसरीत तोच सोबती बाहेर, टाकीला पाठ लावून, डोळे गच्च मिटून उभा. चौथीत तो हातातल्या स्पॅनरने टाकीच्या भिंतीवर घाव घालतो आहे, तोंड वेडेवाकडे उघडे, आणि लांबून माणसे धावत येताहेत. सुनीतीने लिहिले होते: ‘ज्वलनशील वायूच्या क्षेत्रात पोलादी स्पॅनरने टाकीवर आघात दाखवला आहे. ठिणगीचा धोका. चित्र अस्वीकार्य. प्रमाणित चिन्ह वापरावे.’ आक्षेप मान्य झाला. त्या जागी लाल वर्तुळात, तिरप्या पट्टीखाली, टाकीत शिरणारी एक काळी आकृती आली, जिला ना बूट होते ना तोंड.

त्यानंतर दोन वर्षांनी, एका उपकंत्राटदाराच्या आवारात, नायट्रोजनने भरलेल्या टाकीत एक माणूस कोसळला. नायट्रोजनला वास नसतो, रंग नसतो, घशाला तो टोचत नाही. आपल्याला मिळतो तो श्वास पोकळ आहे हे शरीराला कळत नाही, आणि दोन-तीन श्वासांत गुडघे जातात. बाहेर त्याचा जोडीदार होता, दिलबहादूर नावाचा एकोणतीस वर्षांचा नेपाळी मदतनीस. तो आत उतरला. पाच मिनिटांनी बचावपथक आले. पहिला माणूस वाचला, दिलबहादूर वाचला नाही. चौकशी समितीने सात कारणे नमूद केली: परवाना, देखरेख, मोजमापाचे यंत्र, पाळीतली गडबड, असे काही. पान एकतीस त्या सातांत नव्हते आणि असण्याचे कारणही नव्हते, कारण ते पान काढले गेले होते, आणि जे नाही त्याला चौकशीत कोणी बोलावत नाही. अहवाल सुनीतीने तीनदा वाचला. तिसऱ्यांदा वाचताना ती कारणे वाचत नव्हती, मोजत होती.

“हे कोणाचं आहे?” तिने जियादला विचारले.

जियाद लेबनॉनचा. तीस वर्षे दोहात छापखाना चालवून आता तो मुलाकडे कॅनडात निघाला होता, आणि निघणाऱ्या माणसाचा उदार कंटाळा त्याच्या बोलण्यात आला होता. “ते विकायचं नाही, दोक्तोरा. म्हणजे, तू घेत असशील तर घे. टार्लोचं आहे ते.” टार्लो म्हणजे लाकूड पोखरणारा किडा, त्याने सांगितले, खरे नाव ओरेस्ते गाम्बिनी. तरुणपणी बोलोन्यात चोरून विकल्या जाणाऱ्या चित्रकथा काढायचा. पोलिसांनी अंक जप्त केला तेव्हा लपायला हे नाव घेतले, मग तेच चिकटले. “तुमची पुस्तिका मी छापली, सत्त्याण्णव साली. चित्रं त्याची. मला म्हणाला, जियाद, माझ्या मासिकाच्या तीन हजार प्रती निघायच्या, त्यातल्या हजार पोलीस न्यायचे. तू किती छापतोस? मी म्हटलं, पहिल्या खेपेला चाळीस हजार.”

“आता कुठे असतो?”

“जिवंत असेल तर रुवैसला. मुलगी बंदरात नोकरी करते, तिच्याकडे.”

“जिवंत असेल तर म्हणजे?”

“दर ईदला फोन करतो मला. मी आपलं सभ्यपणानं म्हटलं.”

पुढचे चार दिवस सुनीतीने गाम्बिनीच्या कारकिर्दीचा शोध एखाद्या झिजलेल्या नळीच्या इतिहासासारखा घेतला: कधी बसवली, काय वाहिले, कुठे वाकली. इटालियन तिला येत नव्हते. भाषांतर करणारे यंत्र शिव्यांपाशी अडखळत होते, आणि त्या चित्रकथांत शिव्या पुष्कळ होत्या. जन्म बावन्न सालचा. सत्त्याहत्तर ते अठ्ठ्याऐंशी या काळात चार मासिकांत काम. त्यांतली तीन बंद पडली आणि एक जळाले. अश्लीलतेचा एक खटला, निर्दोष. चित्रांत भिंती घाम गाळायच्या, पोलिसांना तोंडाच्या जागी शिट्ट्या असायच्या, माणसे एकमेकांना खात असत आणि जेवणाबद्दल तक्रार करत. तिला ती आवडली नाहीत, आणि त्यांच्यावरून नजरही हलेना. एका संग्राहकाच्या सूचीत त्याच्या नावापुढे कंसात दोन वर्षे होती: बावन्न, अठ्ठ्याऐंशी आणि एक प्रश्नचिन्ह. म्हणजे त्या वर्षी त्याने काढणे थांबवले असावे आणि जाणकारांनी त्याचा सरळ अर्थ लावला होता. पुरावा नाही म्हणजे वस्तू नाही, ही चूक तिच्या ओळखीची होती. नव्या तपासनिसांना ती पहिल्याच आठवड्यात या चुकीबद्दल बजावत असे. प्रत्यक्षात त्या वर्षानंतर औषधांच्या खोक्यांतली माहितीपत्रके होती, उद्वाहनात अडकल्यास काय करावे याचे फलक होते, दुसरीच्या भूगोलातल्या नद्या होत्या, आणि शेवटी एका इटालियन बांधकाम कंपनीबरोबर आखातात येणे होते. नाव कुठेच नव्हते. ठिपका सगळीकडे होता. आणि तो हात दोनदा होता: एकोणऐंशी साली एका अंधाऱ्या जिन्यात कांबेने नळ बडवणारा, आणि अठरा वर्षांनी टाकी बडवणारा. माणूस स्वतःचेच चित्र उचलतो तेव्हा आळसाने उचलतो, की पहिल्यांदा ते पुरते झाले नाही म्हणून? हा प्रश्न तिच्या विषयात बसत नव्हता, आणि तो तिला जेवतानाही सोडत नव्हता.

“मॅडम, नवीन एडिशनची फाइल मंगळवारी फ्रीझ करतोय,” वेदांत म्हणाला. तो पुण्याहून दोन वर्षांच्या करारावर आला होता, कागदपत्रांचा विभाग सांभाळत होता आणि प्रत्येक गोष्टीला यादीत जागा असते यावर त्याची श्रद्धा होती. “एकतीसवर काही चेंज आहे का? तुम्ही परवापासून तेच पान उघडून बसलाय, सिस्टीममध्ये दिसतं मला.”

“आक्षेप मागे घेता येतो का?”

“येतो ना. पण कारण द्यावं लागतं.” तो थांबला. “कारण आहे?”

कारण नव्हते. आक्षेप नियमाने निर्दोष होता. पोलादावर पोलाद आपटले तर ठिणगी उडते, हे कोणाच्या मृत्यूने बदलत नाही. ते पान राहिले असते तर दिलबहादूर थांबला असता, हे विधान सिद्ध करता येत नाही आणि खोडूनही काढता येत नाही, आणि अशा विधानांना आपल्या डोक्यात जागा द्यायची नाही असा तिचा विसाव्या वर्षापासूनचा नेम होता. तरी ते विधान दोन वर्षे भाडे न देता राहत होते. त्या चित्राने खरोखर कोणाला अडवले असते का? आणि अडवले असते, तर ज्या माणसाने आयुष्यभर नियमांची टर उडवली त्याला माणूस कशाने अडतो हे कसे कळले? पहिल्या प्रश्नाची तिला भीती वाटत होती. दुसऱ्याचे नुसते कुतूहल होते, म्हणून तिने दुसरा धरला.

शुक्रवारी श्रीपतीने गाडी काढली. तिचा नवरा एका बँकेच्या संगणक विभागात होता आणि सुट्टीच्या दिवशी उत्तरेकडचा सरळ रस्ता त्याला मानवत असे. “लोक रुवैसला ताजे मासे आणायला जातात,” तो म्हणाला. “तू साक्षीदार आणायला चाललीस. मी दोन्ही करेन म्हणतो, परतीला डब्यात बर्फ आहे.” सुनीती हसली. थोड्या वेळाने तो म्हणाला, “त्याने सांगितलं की हो बाई, तुझ्यामुळेच झालं, तर?”

“तो सांगू शकणार नाही. त्याच्याकडे तेवढी माहिती नाही.”

“आणि नाही म्हणाला तर?”

“तेही सांगू शकणार नाही.”

“मग आपण मासेच आणायला चाललोय,” श्रीपती म्हणाला आणि त्याने गाडीचा वेग थोडा कमी केला, जणू प्रश्नाला पुढे जायला वाट दिली. दोन्ही बाजूंना सपाट, बिस्किटाच्या रंगाची जमीन मागे पडत होती. सुनीतीला नाशिकच्या तंत्रनिकेतनातला आलेखनाचा वर्ग आठवला: उंच लाकडी टेबले, पेन्सिलीला टोक काढायचा वाळूचा कागद, आणि छेदरेषा. वस्तू कापून दाखवायची असेल तर कापलेल्या भागावर तिरप्या समांतर रेषा मारायच्या. रेषांच्या तऱ्हेवरून पदार्थ ओळखायचा. काचेला वेगळ्या, लाकडाला वेगळ्या, शिशाला वेगळ्या. लिहिलेले वाचण्याआधी ती रेषा वाचायला शिकली होती असे तिला कधी कधी वाटे, आणि आपण चित्र पाहतो तेव्हा ते पाहत नाही, उलगडतो, याचा तिला अभिमानही होता. पान एकतीसवरचा स्पॅनर तिरप्या समांतर रेषांनी भरलेला होता. तिने तेव्हा क्षणभरही विचार केला नव्हता.

गाम्बिनी धक्क्याजवळच्या एका बैठ्या घराच्या ओट्यावर प्लास्टिकच्या खुर्चीत बसला होता. त्र्याहत्तर वर्षांचा, बुटका, पांढऱ्या दाढीचा, अंगात बंदर-कामगारांचा निळा सदरा. त्याची इंग्रजी तोडकी होती. पण तिने नाव सांगताच तो कामगारांच्या छावणीतल्या हिंदीत सुरू झाला, जी त्याने बंगाली, मल्याळी, पठाण आणि नेपाळी माणसांकडून एकाच वेळी उचलली होती. “बैठो, बैठो. इंडिया? मेरा बेटी बोला कोई मेटल का डॉक्टर आएगा. मैं बोला, मेरा घुटना में लोहा है, उसको देखने को आता होगा.” त्याने श्रीपतीलाही खुर्ची दिली, पण श्रीपती बोटींकडे गेला. म्हाताऱ्याने सुनीतीचा हात पाहिला, अगदी उघडपणे, खरेदीला आलेल्या माणसासारखा. “पेन ऐसे पकड़ता है? इंजिनियर लोग सब ऐसे पकड़ता. डर के.”

तिने मासिक त्याच्यासमोर ठेवले आणि त्याशेजारी पान एकतीसची प्रत. त्याने आधी मासिकाचा वास घेतला. मग दोन्ही हातांवरून बोट फिरवले आणि तो मान हलवत राहिला, जुन्या दोषी मित्राला भेटल्यासारखा. एकोणऐंशीचा जिना खरा होता, त्याने सांगितले. लूचो नावाचा मित्र होता, गोष्टी तो लिहायचा आणि चित्रे हा काढायचा. एके दुपारी लूचोने स्वतःला न्हाणीघरात कोंडून घेतले, हाताला नशेची सुई लावून. “मैं दरवाजा तोड़ा, अंदर गया. वो खलास. मेरा हाथ में लोहा, करने को कुछ नहीं. तो मैं बाहर सीढ़ी का पाइप बजाया. पूरा बिल्डिंग आया, तब तक बजाया.” ते चित्र छापून आले तेव्हा मित्र म्हणाले, काय ताकद आहे; पोलीस म्हणाले, घाणेरडे आहे. “कोई नहीं पूछा, ये आदमी क्यों बजाता है. इधर कैंप में पूछा. पहला दिन, एक फिटर पूछा: ये पागल है, या किसी को बुलाता है?”

“तुम्ही ते काम का सोडलं? चित्रकथांचं?” तिने हिंदीत विचारले.

“आधा दोस्त मर गया. आधा विज्ञापन में गया. दोनों जगह मेरा मन नहीं था.”

इथे आल्यावर त्याला यादी मिळाली होती: काय करू नये अशा एकशे चाळीस गोष्टी, प्रत्येकाचे एक चित्र. तो तीन महिने छावणीत राहिला. उर्दू वाचणारा माणूस चौकटी उजवीकडून वाचतो आणि हिंदी वाचणारा डावीकडून, म्हणजे एकाला झडप उघडायची गोष्ट दुसऱ्याला बंद करायची दिसते, हे त्याला जेवणाच्या रांगेत कळले. म्हणून सगळ्या चौकटी वरून खाली. पान एकतीसपाशी तो महिनाभर अडला. “मैं एक-एक को पूछा. तुम्हारा दोस्त अंदर गिरा. तुम क्या करेगा? दो सौ आदमी. सब बोला, अंदर जाएगा. एक भी नहीं बोला, रुकेगा. इंजिनियर बोलता है लिखो, मत जाओ. मैं बोला, किसको? ये दो सौ को मालूम है कि नहीं जाना. फिर भी जाएगा. हाथ खाली है ना. आदमी का हाथ खाली, दोस्त अंदर, तो पैर चलता है.” त्याने आपले दोन्ही पंजे उघडून दाखवले. “तो मैं हाथ को काम दिया.”

 मग सुनीतीने, जसे ती कोणत्याही अहवालात सांगेल तसे, क्रमाने सांगितले: आक्षेप, चिन्ह, टाकी, दिलबहादूर. सांगताना आपला आवाज नेहमीचाच आहे हे तिच्या लक्षात आले आणि त्याचे तिला नवल वाटले. गाम्बिनीने मध्ये एकदाच विचारले, “वो लड़का पुराना पन्ना देखा था?”

“नाही. तो नंतर भरती झाला.”

“तो मालूम नहीं.”

“नाही मालूम,” ती म्हणाली. हे वाक्य कोणीतरी दुसऱ्याने म्हणावे यासाठी ती दोन वर्षे थांबली होती, आणि ते म्हटले गेल्यावर काही हलके झाले नाही.

“लेकिन निकाला क्यों? वो समझा नहीं मैं.”

“ठिणगी. स्टीलचा स्पॅनर, स्टीलची टाकी.”

“स्टील?” त्याने पान उचलून डोळ्यांजवळ नेले, मग लांब धरले. तो खरोखर शोधत होता. “कहाँ है स्टील?”

तिने बोट ठेवले. तिरप्या, समांतर, एकसारख्या रेषा.

“ये तो छाया है,” तो म्हणाला. “उधर सूरज है, इधर छाया.” आणि मग, अजिबात जोर न देता, जसे कोणी दुकानाची वेळ सांगावी: “उस एरिया में स्टील का स्पॅनर मिलता ही नहीं था. स्टोरवाला देता नहीं. सब पीला, काँसे का, उससे चिंगारी नहीं उड़ता. हर आदमी को मालूम, काला-सफेद में भी मालूम. दूसरा होता ही नहीं. तुम मेटल का डॉक्टर है ना. तुम मेटल कैसे देखता है?”

ती कसे पाहते? तिच्या प्रयोगशाळेत पिस्तुलासारखे एक यंत्र होते. ते धातूला टेकवले की तो कशाचा बनला आहे ते सहा सेकंदांत आकड्यांत कळे. रंगावरून, वजनावरून, विक्रेत्याच्या शपथेवरून धातू ठरवायचा नाही; टेकवायचे, मोजायचे, मग लिहायचे. या एका नियमावर तिने दोन माणसांना कामावरून परत पाठवले होते. आणि कागदावरच्या काही रेषांवरून, खुर्चीतून न उठता, तिने एका स्पॅनरचा धातू ठरवला होता. त्यात आणखी एक गंमत होती, जी तिला त्या ओट्यावर, खाऱ्या वाऱ्यात, अगदी स्वच्छ दिसली: छेदरेषांच्या त्या संकेतात पोलाद आणि तांब्याचे मिश्रधातू यांना एकच रेषा आहे. म्हणजे तिने स्वतःचा संकेत तरी नीट वाचला असता, तर तो एवढेच सांगत होता की सांगता येत नाही. ती शरमेची वाट पाहत राहिली. आले ते दुसरेच काही: नळीचा फुटलेला तुकडा हातात आल्यावर, तडा नेमका कुठून सुरू झाला ते दिसते तेव्हा जी थंड, तीक्ष्ण उत्सुकता येते, ती. तिला ती उत्सुकता या जागी अशोभनीय वाटली, आणि ती परतवता आली नाही.

परतीच्या वाटेवरही श्रीपतीच गाडी चालवत होता. मागे डब्यात मासे सरकत होते. बऱ्याच अंतरानंतर ती म्हणाली, “स्पॅनर काशाचा होता,” आणि तो म्हणाला, “हं,” आणि मग, “म्हणजे वाईट की बरं?” “म्हणजे काशाचा होता,” ती म्हणाली.

पण चूक सापडली म्हणून चित्र बरोबर ठरत नव्हते. रविवारी आणि सोमवारी, पाळी बदलताना, बसची वाट पाहणाऱ्या चाळीस जणांना तिने बाकांवर बसवून एकेक पान दाखवले. रविवारी वीस जणांना चिन्ह, सोमवारी वीस जणांना चित्र. वेदांत तक्ता भरत होता. प्रश्न एकच: हा माणूस काय करतो आहे? चिन्हाच्या गटात एकोणीस जणांनी बरोबर सांगितले, अंदर नहीं जाने का, सुपरवायझर को बोलने का, एका चालीत, फोरमनकडे बघत. चित्राच्या गटात बरोबर उत्तरे अकरा. बाकीचे भलतेच बोलत राहिले. एकाने विचारले, अंदरवाला इसका कौन लगता है? शेजारचा म्हणाला, भाई होगा, भाई के बिना ऐसा मुँह नहीं होता. एक जण म्हणाला, ये बहुत देर से बजा रहा है, कोई सुन क्यों नहीं रहा, आणि त्याचे त्यालाच वाईट वाटले.

“एकोणीस विरुद्ध अकरा,” वेदांत म्हणाला. “मॅडम, चिन्ह क्लिअर जिंकतंय.”

तेव्हा बाकाच्या टोकाला बसलेला अवजड सामान दोरखंडांनी उचलून बसवणारा एक चाळिशीचा रिगर, जो इतका वेळ काहीच बोलला नव्हता, चित्राकडे पाहत उजव्या मुठीने बाकाची पत्र्याची कड वाजवू लागला. हळू; एक, दोन, तीन. पलीकडच्या बाकावरची माणसे वळून बघू लागली तसा तो थांबला आणि ओशाळून म्हणाला, “ऐसे.” त्यानंतर सुनीतीने पानाकडे बघणे सोडून हातांकडे बघितले. उरलेल्यांत आणखी पाच जणांच्या मुठी वळल्या होत्या.

“याला कुठे टाकू? ‘उत्तर नाही’मध्ये?”

“नाही. नवीन कॉलम कर. हात हलला.”

“सहा,” वेदांतने लिहिले. “आणि चिन्हाच्या गटात? शून्य?”

 “तिथे मी हातांकडे बघितलंच नव्हतं,” ती म्हणाली. “रिकामं ठेव.”

म्हणजे यानेही काही सिद्ध होत नव्हते. एका मुठीने बाकीच्या पाच मुठी सुचवल्या असतील. पाहणाऱ्याला जे हवे ते दिसले असेल. दुसऱ्या कोणाचा तक्ता असता तर तिने तो परत पाठवला असता. मंगळवारी सकाळी ती वेदांतच्या टेबलाशी खुर्ची ओढून बसली तेव्हा तिच्याजवळ खात्रीची अशी एकच गोष्ट होती, आणि ती चित्राबद्दल नव्हती, दिलबहादूरबद्दल नव्हती.

“आक्षेप मागे, मूळ चित्र परत,” वेदांत म्हणाला. “कारणात ‘संपादकीय पसंती’ टाकतो. कोणी विचारत नाही.”

“मी लिहिते.”

तिने लिहिले: ‘समीक्षकाने स्पॅनरचा धातू न तपासता तो पोलाद धरला. त्या क्षेत्रात काशाचीच अवजारे दिली जातात. आक्षेप चुकीचा होता. चित्र कोणताही बदल न करता घ्यावे.’ खाली नाव आणि तारीख घातली. वेदांतने ते वाचले, खुर्ची थोडी मागे सरकवली, आणि आवाज खाली आणला. ऑफिसातली ‘मॅडम’ त्याच्या तोंडून गळून पडली.

“ताई, हे कायम रेकॉर्डवर राहतं. उद्या ऑडिटला कोणी आलं, आणि त्यांनी हे आणि तो अपघाताचा रिपोर्ट शेजारी शेजारी ठेवले, तर?”

“ठेवू देत,” सुनीती म्हणाली. “आणि त्यांना काय दिसलं ते मला सांग. मला अजून कळलेलं नाही.”